ठेवून दिलेली वर्क प्रिंट: पूर्व जर्मनीतल्या एका संकलकाच्या कारकिर्दीतलं प्रकरण

1968 साली पूर्व जर्मनीतल्या बाबेल्सबर्गच्या डेफा या सरकारी स्टुडिओत एक कृष्णधवल चित्रपट संकलनाच्या टेबलावरून उतरला, पण थिएटरपर्यंत पोचला नाही. प्रेक्षकांना तो दिसला 1987 च्या डिसेंबरात. मधल्या एकोणीस वर्षांत त्याचं मूळ साहित्य नष्ट झालं होतं. उरली होती एक वर्क प्रिंट, म्हणजे संकलनाच्या टेबलावर कापून-जोडून तयार झालेली कामाची प्रत, आणि ती उरली याचं कारण एकच: चित्रपटाच्या संकलक एव्हलिन कारो यांनी ती जपून ठेवली होती.

चित्रपटाचं नाव 'डी रुसेन कोमेन', म्हणजे 'रशियन येताहेत'. दिग्दर्शक हायनर कारो, एव्हलिन यांचे पती. कलावंतांची नावं सार्वजनिक नोंदीत आहेत म्हणून इथे तशीच घेतली आहेत. मंजुरी देणाऱ्या आणि नाकारणाऱ्या अधिकाऱ्यांचा उल्लेख मात्र पदानेच केला आहे. त्या खुर्च्यांवर दुसरी माणसं असती तरी बहुधा हेच घडलं असतं, असं माझं मत आहे.

हे प्रकरण निवडण्यामागे एक कारण आहे. संकलकाच्या कारकिर्दीबद्दल बोलताना आपण नेहमी कापण्याबद्दल बोलतो. कुठे कापलं, किती फ्रेम आधी कापलं, का कापलं. या कारकिर्दीत तसं कौतुक करावं असं पुष्कळ आहे. पण मला तिच्यातलं सर्वांत मोठं काम वाटतं ते एक गोष्ट टाकून न देण्याचं.

पार्श्वभूमी

डेफाची स्थापना 17 मे 1946 रोजी सोव्हिएत परवान्यावर झाली. बर्लिनला लागून असलेल्या पॉट्सडामच्या बाबेल्सबर्ग भागात, जिथे युद्धाआधी उफा ही बलाढ्य कंपनी चित्रपट काढत होती, तिथेच डेफाचा कथाचित्रपटांचा स्टुडिओ उभा राहिला. 1990 नंतर तो मोडीत निघेपर्यंत तिथे सुमारे 700 कथाचित्रपट तयार झाले.

एक गोष्ट आपल्याकडच्या वाचकाने आधीच लक्षात घ्यावी. डेफातले दिग्दर्शक, छायालेखक, संकलक हे पगारी नोकर होते. आणि थिएटरसाठी कथाचित्रपट काढणारा स्टुडिओ देशभरात हा एकच. म्युनिकमधल्या संकलकाचं एका निर्मात्याशी फाटलं तर ती दुसऱ्याचं दार ठोठावू शकत होती. बाबेल्सबर्गमध्ये दुसरं दारच नव्हतं. तिथली नोकरी गेली की धंदाच सुटला. पुढचा प्रत्येक निर्णय या भिंतीच्या आत घेतलेला आहे.

संकलकाच्या पदाला तिथे 'श्निटमाइस्टरिन' म्हणत. शब्दाचं रूपच स्त्रीलिंगी, कारण या खात्यात बायकाच मोठ्या संख्येने होत्या: हेल्गा क्राउझे, क्रिस्टा वेर्निके, रीटा हिलर, मोनिका शिंडलर. डेफाच्या कुठल्याही चांगल्या चित्रपटाची श्रेयनामावली पाहा, दिग्दर्शकाचं नाव बहुतेक पुरुषाचं आणि संकलनाचं बहुतेक बाईचं. दिग्दर्शकांवर ग्रंथ लिहिले गेले. या बायकांबद्दल मात्र श्रेयनामावलीच्या पलीकडे फार थोडं लिहिलं गेलं. मला ही गोष्ट मनापासून खटकते.

एव्हलिन कारो यांची कारकीर्द 1968 पर्यंत चांगली रुळलेली होती. गेरहार्ड क्लाइन या दिग्दर्शकाचा 1957 चा 'बर्लिन – एके श्योनहाउझर' त्यांनी संकलित केला होता. बर्लिनमधल्या रेल्वेच्या पुलाखाली घोळका करून उभ्या राहणाऱ्या तरुण पोरांचा हा चित्रपट. 1961 चा 'डेअर फाल ग्लायवित्स'ही त्यांचाच. 31 ऑगस्ट 1939 च्या रात्री नाझींनी एका रेडिओ केंद्रावर हल्ल्याचा बनाव रचला आणि पोलंडवरच्या स्वारीचं निमित्त तयार केलं, त्याची ही गोष्ट. जेमतेम सत्तर मिनिटांच्या या चित्रपटात हळहळ नाही की समजावणी नाही. चौकटी भूमितीसारख्या आखीव आहेत आणि एक शॉट दुसऱ्याला असा भिडतो की यंत्राची कळ दाबल्यासारखं वाटतं. संकलन हे चित्रपटाचं वाक्यरचनाशास्त्र आहे, हे ज्याला समजून घ्यायचं असेल त्याने हा चित्रपट पाहावा.

मग आला 1965 चा डिसेंबर. सत्ताधारी पक्षाच्या केंद्रीय समितीचं अकरावं अधिवेशन 16 ते 18 डिसेंबरला झालं. ठरलं होतं अर्थकारणावर बोलायचं, पण तोफ वळली ती चित्रपट आणि साहित्याकडे. 'डास कानिनशेन बिन इश' आणि 'डेंक ब्लोस निश्त, इश हॉयले' या दोन चित्रपटांना उदाहरण म्हणून उभं केलं गेलं, आणि पुढच्या काही महिन्यांत डझनभर चित्रपट रोखले गेले. स्टुडिओचं जवळजवळ अख्ख्या वर्षाचं काम कपाटात गेलं. त्यात क्लाइन यांचा 'बर्लिन उम डी एके' होता, आणि त्याचं संकलन एव्हलिन कारो यांच्याकडे होतं. तो कच्च्या जोडणीच्या टप्प्यावरच थांबला. दिग्दर्शक 1970 मध्ये वारले. लोकांसमोर तो चित्रपट 1990 मध्ये आला.

म्हणजे टेबलावरचा चित्रपट एका सकाळी नाहीसा होतो हे 1968 साली एव्हलिन यांना नवीन नव्हतं. आणखी एक गोष्ट त्या तेव्हाच शिकल्या असणार: असा चित्रपट पूर्ण करायला दिग्दर्शक जिवंत राहीलच याची खात्री नसते.

अडचण

1968 मध्ये या एकाच संकलकाच्या हातून दोन चित्रपट गेले. दोन्हींचा काळ 1945 चा वसंत, दोन्हींचा नायक कोवळ्या वयाचा, आणि दोन्ही दिग्दर्शकांच्या स्वतःच्या आयुष्यातून आलेले.

पहिला कोनराड वोल्फ यांचा 'इश वार नॉयनत्सेन', 'मी एकोणीस वर्षांचा होतो'. वोल्फ यांचं कुटुंब नाझींपासून पळून मॉस्कोला गेलं होतं. ते तिथेच वाढले आणि 1945 मध्ये लाल सेनेचे अधिकारी म्हणून आपल्याच जन्मभूमीत शिरले, तेव्हा खरोखरच एकोणीस वर्षांचे होते. हा चित्रपट फेब्रुवारी 1968 मध्ये झळकला आणि त्याला मानाचं स्थान मिळालं. साक्सेनहाउझेन छळछावणीच्या प्रसंगात वोल्फ यांनी 1946 च्या माहितीपटातले तुकडे घेतले आहेत. अभिनयाचा चित्रपट चालता चालता अस्सल फिल्म मध्ये येते, आणि जोड कुठे आहे हे लपवलेलं नाही. तो जोड उघडा ठेवण्यात संकलनाची मोठी समज आहे.

दुसरा हायनर कारो यांचा. कारो 1929 साली रोस्टोकला जन्मले. 1945 च्या वसंतात ते पंधरा वर्षांचे होते, आणि ते लाल सेनेबरोबर येणाऱ्यांत नव्हते. ते येणाऱ्यांची धास्ती घेतलेल्यांत होते. त्यांच्या चित्रपटातला ग्युंटर हा बाल्टिक किनाऱ्यावरचा मुलगा हिटलरच्या विजयावर शेवटपर्यंत विश्वास ठेवून आहे. पळालेल्या एका सोव्हिएत मुलाचा पाठलाग होतो, ग्युंटर त्यात पुढे असतो, तो त्याला गाठतो आणि गावचा पोलीस त्या मुलाला गोळी घालतो. ग्युंटरच्या छातीवर लोहपदक लागतं. मग रशियन येतात, आणि ज्या पराक्रमासाठी पदक मिळालं तो आता खून ठरतो. मुलाचं मन तापात भरकटावं तसा चित्रपट इथून पुढे सरकतो.

एकोणीस वर्षांच्या विजेत्याची गोष्ट देशाला हवी होती. पंधरा-सोळा वर्षांच्या पराभूत, दोषी, भाबड्या पोराची नको होती. पूर्व जर्मनी स्वतःला फॅसिझमविरोधी लढ्यातून जन्मलेलं राज्य मानत होती, आणि पडद्यावरचे नायक त्या लढ्यातले असत. इथे नायक समोरच्या बाजूचा आणि प्रेक्षकाला त्याच्या डोळ्यांनी पाहायला लावलेलं. आक्षेप आले ते याच दिशेचे: शैली आधुनिकतावादी आहे, फॅसिझमचं मानसशास्त्र करून ठेवलं आहे.

त्यात 20 ऑगस्ट 1968 च्या रात्री वॉर्सा कराराची सैन्यं चेकोस्लोव्हाकियात शिरली. 'रशियन येताहेत' या शब्दांचा अर्थ एका रात्रीत बदलला. या नावाचा चित्रपट त्या शरदात पोस्टरवर लावणं कुठल्याही अधिकाऱ्याला शक्य नव्हतं, असं मला वाटतं. चित्रपटाला मंजुरी मिळाली नाही.

मंजुरीची पद्धतही इथे समजून घ्यायला हवी. आपल्याकडे चित्रपट पुरा होतो आणि मग सेन्सॉरकडे जातो. डेफात पटकथेपासूनच पायऱ्या होत्या. कच्ची जोडणी झाली की स्टुडिओतली पाहणी, अंतिम रूप आल्यावर पुन्हा पाहणी, आणि शेवटी संस्कृती मंत्रालयाच्या चित्रपट विभागाचा परवाना. प्रत्येक पायरीवर संकलकाच्या टेबलावरचीच प्रत पाहिली जाई. त्यामुळे नकार येतो तेव्हा तो संकलकाच्या खोलीत येतो. दिग्दर्शकाला बोलावून सांगितलं जातं, पण डबे असतात ते संकलकाकडे.

त्या खोलीत काय असतं?

छायाचित्रणाची निगेटिव्ह प्रयोगशाळेत जपलेली असते. संकलक तिला हात लावत नाही. तिच्यावरून काढलेली साधी पॉझिटिव्ह टेबलावर येते. संकलक ती कापते, चिकटवते, पुन्हा सोडवते, पुन्हा चिकटवते. हीच वर्क प्रिंट. तिच्यावर मेणाच्या पेन्सिलीने खुणा असतात: एका दृश्यातून दुसरं उमलायचं असेल तिथे तिरकी रेघ, खराब फ्रेमवर फुली. शेकडो वेळा यंत्रातून गेल्याने उभे ओरखडे पडलेले असतात. एखादा तुकडा फाटला असेल तर तेवढ्याच लांबीची काळी पट्टी जोडलेली असते, म्हणजे आवाजाशी मेळ चुकू नये. आवाज वेगळ्याच चुंबकीय फितीवर असतो, फिल्मसारख्याच भोकांच्या. आणि फिल्मच्या कडेला बारीक आकडे छापलेले असतात, निगेटिव्हवरून उतरलेले. काम संपलं की निगेटिव्ह कापणारी ते आकडे वाचते आणि वर्क प्रिंटबरहुकूम निगेटिव्ह जोडते. तिथून थिएटरच्या प्रती निघतात.

त्या क्षणी वर्क प्रिंटचं काम संपतं. ती नकाशा होती. गाव सापडलं, आता नकाशाचं काय करायचं? सहसा ती रद्दीत जाते.

या प्रकरणात गावच पुसलं गेलं.

समोरच्या वाटा

कामाच्या चौकटीतून पाहिलं तर 1968 च्या शेवटी संकलकासमोर काही वाटा होत्या. त्या सगळ्या सारख्या वजनाच्या नव्हत्या.

सगळ्यात सोपी वाट म्हणजे सगळं जमा करायचं आणि पुढच्या चित्रपटाला लागायचं. यात अप्रामाणिक काही नव्हतं. पगारी संकलकाचं साहित्य स्टुडिओचं असतं, तिचं नसतं. सहकाऱ्यांपैकी कोणीही तिला बोल लावला नसता. 1965-66 मध्ये बहुतेकांनी हेच केलं, आणि एक विचित्र गोष्ट अशी की त्यांतले बरेच चित्रपट त्यामुळेच वाचले. ते कपाटात बंद राहिले, नष्ट झाले नाहीत, आणि 1989-90 मध्ये बाहेर आले. म्हणजे 'जमा केलं की संपलं' असा नियम नव्हता. जमा करणं हा जुगार होता, आणि 'डी रुसेन कोमेन'च्या बाबतीत तो हरला असता.

दुसरी वाट फेरसंकलनाची. मुलाच्या तापातल्या प्रतिमा कमी करा, एक समंजस सोव्हिएत अधिकारी ठळक करा, शेवटाला उजेड द्या. संकलकाला अशा सूचना रोजच्या असतात आणि काही वेळा त्या बरोबरही असतात. इथे मात्र आक्षेप एखाद्या प्रसंगावर नव्हता, तो चित्रपट कुणाच्या डोळ्यांतून दिसतो यावर होता. नजर कात्रीने बदलत नाही. नजर काढून टाकली तर उरतात ते सुटे शॉट.

तिसरी वाट सरकारी फिल्म संग्रहालयाची. पूर्व जर्मनीचं राष्ट्रीय संग्रहालय 1955 पासून काम करत होतं आणि चांगलं करत होतं. पण तिथे रीतसर प्रत द्यायची तर ती स्टुडिओतूनच जायला हवी, आणि ज्या चित्रपटाला स्टुडिओ नाकारतो त्याच्यासाठी संकलकाने अर्ज करणं म्हणजे वर्क प्रिंट आहे हे स्वतःहून कळवणं.

राजीनामा किंवा उघड निषेध ही वाट नावापुरती. दुसरा स्टुडिओ नाही, सीमा बंद, आणि निषेधाने चित्रपट परत येणार नव्हता.

राहिली शेवटची: काही बोलायचं नाही, प्रत ठेवून द्यायची. ऐकायला ती सोपी वाटते. नव्वद मिनिटांचा 35 मिलिमीटरचा चित्रपट जवळजवळ अडीच किलोमीटर लांब असतो. डब्यांसकट त्याचं वजन वीस किलोच्या पुढे जातं. ही काही पदराआड लपवायची चिठ्ठी नाही. शिवाय ठेवणारी व्यक्ती दिग्दर्शकाची पत्नी. एकाच घरातल्या दोन पगारांवर एकाच वेळी गदा येऊ शकत होती.

काय केलं गेलं

एव्हलिन कारो यांनी वर्क प्रिंट जपली. निर्णयाचं वर्णन एवढ्या एका वाक्यात संपतं, आणि त्यात मला या बाईंची पक्की व्यावसायिक जाण दिसते. त्यांनी कुठली सुटी दृश्यं ठेवली नाहीत, आवडते शॉट ठेवले नाहीत. जोडलेला चित्रपट ठेवला. क्रम ठेवला. संकलकालाच हे सुचू शकतं. छायालेखकाला कदाचित सुंदर चौकटी वाचवाव्याशा वाटल्या असत्या. पण चित्रपट चौकटींत नसतो, त्यांच्या क्रमात आणि लांबीत असतो, हे ज्यांनी वर्षानुवर्षं हाताने अनुभवलेलं असतं त्यांना काय वाचवायचं हे सांगावं लागत नाही.

दुसरा निर्णय हायनर कारो यांच्याकडे आला, आणि तो जास्त अवघड होता. 1971 मध्ये त्यांचा 'कारिएरे' हा चित्रपट आला. त्यात पश्चिम जर्मनीत नोकरी करणारा मध्यमवयीन माणूस आहे, आणि त्याच्या तरुणपणीच्या आठवणी म्हणून नाकारलेल्या चित्रपटातली दृश्यं वापरली आहेत. जुना ग्युंटर नव्या गोष्टीत आठवण होऊन आला. निदान काही शॉट लोकांसमोर गेले, असं म्हणता येईल. पण त्याची किंमत पाहा. 'डी रुसेन कोमेन'मध्ये तो मुलगा आत्ता, डोळ्यांदेखत, चुकतो. 'कारिएरे'मध्ये ती चूक मागे पडलेली आहे, आणि तिचे परिणाम सीमेपलीकडच्या देशात भोगले जाताहेत. तेच शॉट, पण दोष शेजाऱ्याच्या दारात नेऊन ठेवलेला. संकलनाची ताकद शिकवायला याहून कडू उदाहरण मला माहीत नाही: एकही फ्रेम न बदलता, नुसती जागा बदलून, अर्थ उलटा करता येतो.

हे घडत असताना मूळ क्रम कुठेतरी जसाच्या तसा शाबूत होता, म्हणूनच 'कारिएरे' हे त्या दृश्यांचं शेवटचं रूप ठरलं नाही.

तिसरा निर्णय नजरेत भरत नाही, कारण तो रोजचा आहे. एव्हलिन कारो काम करत राहिल्या. 1973 चा 'डी लेगेंडे फोन पाउल उंड पाउला' पुन्हा हायनर यांच्याबरोबर. त्याला तीस लाखांहून अधिक प्रेक्षक मिळाले, एक कोटी सत्तर लाखांच्या देशात. कोनराड वोल्फ यांचे 'डेअर नाक्टे मान आउफ डेम श्पोर्टप्लात्स', 'मामा, इश लेबे', आणि 1980 चा 'सोलो सनी', ज्यासाठी रेनाटे क्र्योसनर यांना बर्लिन महोत्सवात उत्कृष्ट अभिनेत्रीचं रौप्य अस्वल मिळालं. सनी ही लहान गावांतून फिरणारी गायिका. बस, हॉटेलची खोली, मंच, पुन्हा बस. या चित्रपटात प्रसंग संपतो तेव्हा माणूस अजून काही म्हणणार असतं, आणि कट तिथेच येतो. सनीचा हेकट, अर्धवट तोडलेला स्वभाव अर्धा अभिनयात आहे आणि अर्धा त्या कटमध्ये.

स्टुडिओच्या सर्वांत विश्वासू संकलकांपैकी एक असणं आणि नाकारलेल्या चित्रपटाची प्रत सांभाळणं, या दोन्ही गोष्टी जवळजवळ वीस वर्षं एकाच माणसात राहिल्या. काही वाचकांना ही तडजोड वाटेल. मला ती तशी वाटत नाही. नोकरी टिकली म्हणून प्रत टिकली, आणि स्टुडिओची दारं उघडी राहिली म्हणून 1987 मध्ये ती प्रत यंत्रावर चढवता आली.

निष्पत्ती

1980 च्या दशकाच्या मध्याला सोव्हिएत युनियनमध्ये वारा बदलला. गोर्बाचेव्ह आले, आणि 1986 पासून तिथल्या चित्रपटकर्मींच्या संघटनेने कपाटबंद चित्रपट बाहेर काढायला सुरुवात केली. पूर्व जर्मनीच्या नेत्यांना हे वारं नको होतं. एप्रिल 1987 मध्ये त्यांच्यातल्या एका ज्येष्ठ नेत्याने पश्चिम जर्मन साप्ताहिकाला मुलाखतीत साधारण असं विचारलं की शेजाऱ्याने घराचा भिंतकागद बदलला म्हणून आपणही बदलायचा का. त्याच वर्षाच्या डिसेंबरात वर्क प्रिंटवरून उभा केलेला 'डी रुसेन कोमेन' प्रदर्शित झाला. भिंत पडायला अजून दोन वर्षं होती. म्हणजे हा चित्रपट राज्य कोसळल्यावर आपोआप सुटलेल्यांतला नाही. तो राज्य उभं असताना सुटला, आणि प्रत हातात तयार नसती तर अशा अर्ध्या उघडलेल्या खिडकीतून तो कधीच बाहेर पडू शकला नसता. उरलेसुरले तुकडे शोधा, परवानग्या घ्या, पुन्हा जोडा, एवढं करेपर्यंत खिडकी बंद झाली असती.

वर्क प्रिंटवरून झालेला चित्रपट निगेटिव्हवरून निघालेल्या प्रतीसारखा स्वच्छ नसतो. तो एक पिढी लांबचा असतो, आणि टेबलावर सोसलेलं सगळं त्याच्या अंगावर असतं.

9 नोव्हेंबर 1989 च्या संध्याकाळी बर्लिनच्या 'किनो इंटरनॅशनल'मध्ये हायनर कारो यांच्या 'कमिंग आउट'चा पहिला खेळ होता. समलिंगी शिक्षकाची ही गोष्ट. डेफाने या विषयावर केलेला हा पहिला कथाचित्रपट. त्याचंही संकलन एव्हलिन यांचं. प्रेक्षक बाहेर पडले तेव्हा सीमेची फाटकं उघडत होती. हायनर कारो 1997 मध्ये वारले. डेफाच्या चित्रपटांचा वारसा सांभाळण्यासाठी 1998 च्या डिसेंबरात डेफा प्रतिष्ठान स्थापन झालं. एका संकलकाने एकटीने केलेलं काम तेव्हा कुठे एका संस्थेचं काम झालं.

वेगळं काय करता आलं असतं

निर्णय बरोबर होता, यात मला शंका नाही. पण तो एका माणसावर टेकलेला होता, आणि या प्रकरणातली खरी कमजोरी तीच आहे. एव्हलिन यांची बदली झाली असती, त्या आजारी पडल्या असत्या, एखाद्या साफसफाईत डबे दुसऱ्या कुणाच्या हाती लागले असते, तर पुढे सांगायला काही उरलं नसतं. एकोणीस वर्षांत एक दुसरी प्रत, अगदी लहान मापाच्या फिल्मवर का होईना, काढता आली असती तर धोका निम्म्यावर आला असता. पण प्रयोगशाळेत प्रत काढायची म्हणजे आणखी एका माणसाला सांगायचं. गुप्तता आणि सुरक्षितता इथे एकमेकांच्या विरुद्ध ओढत होत्या, आणि त्या परिस्थितीत मीही गुप्ततेच्याच बाजूने कौल दिला असता.

साठवणीचा प्रश्न वेगळा. त्या काळच्या अ‍ॅसिटेट फिल्मला उष्णता आणि दमट हवा बाधते. तिला हळूहळू व्हिनेगरसारखा वास यायला लागतो, ती आक्रसते, आणि एकदा आक्रसली की यंत्राच्या दात्यांवर बसत नाही. कोरडी, थंड जागा आणि वर्षातून एकदा डबे उघडून रीळ उलट गुंडाळणं, एवढं केलं तरी आयुष्य पुष्कळ वाढतं. आज ज्या संकलकांच्या घरी जुन्या कामाची रिळं आहेत, त्यांना मी पहिल्यांदा हेच सांगेन. त्यानंतर सांगेन की चित्राबरोबर आवाजाची फीत त्याच जागी, त्याच क्रमांकाचा डबा करून ठेवा. चित्र आणि आवाज वेगळे पडले की प्रत मुकी होते, आणि मुक्या प्रतीवरून संवादांचा मेळ पुन्हा बसवणं हे महिन्यांचं काम असतं. डब्यावर चित्रपटाचं नाव, रिळाचा क्रमांक, जोडणीची तारीख लिहून ठेवा. ज्या काळात नाव लिहिणं धोक्याचं असतं तिथे निदान आपल्यालाच कळेल अशी खूण करा.

'कारिएरे'चा निर्णय मी पुन्हा पुन्हा तपासला. वर्क प्रिंट सुरक्षित आहे हे जर माहीत होतं, तर तीच दृश्यं दुसऱ्या गोष्टीत विरघळवायला संमती का द्यावी? एक उत्तर असं की 1970-71 मध्ये तो चित्रपट पुन्हा कधी दिसेल यावर कुणाचाच विश्वास नव्हता. वोल्फ यांचा 'सोनेनझूखर' 1950 च्या दशकाच्या शेवटी रोखला गेला होता आणि तो 1972 मध्ये बाहेर आला. म्हणजे रोखलेला चित्रपट परत येऊ शकतो याचं उदाहरण मिळायला अजून वर्ष होतं. ते उदाहरण आधी समोर असतं तर कदाचित कारो यांनी वाट पाहिली असती. मला वाटतं त्यांनी ती पाहायला हवी होती. जो चित्रपट आपण जीव ओतून केला, त्याचे अवयव दुसऱ्या धडाला लावायला आपल्याच हाताने देणं, हे दुःख त्यांना टाळता आलं असतं.

स्टुडिओच्या बाजूने पाहिलं तर करायला हवी होती ती गोष्ट साधी होती. परवाना नाकारा, पण निगेटिव्ह संग्रहालयात ठेवा. त्याच संस्थेने 1966 मध्ये हे केलं होतं, जागा होती, माणसं होती. मनाई आणि नाश हे दोन वेगळे निर्णय आहेत, आणि दुसऱ्याची कुणालाच गरज नव्हती.

ग्युंटरच्या वयाचा जो मुलगा 1968 मध्ये तिकीट काढून थिएटरात बसला असता, तो 1987 मध्ये पस्तिशीला आलेला होता. त्याच्या आईवडिलांच्या पिढीशी, म्हणजे 1945 मध्ये स्वतः ग्युंटर असलेल्यांशी, जेवणाच्या टेबलावर जे बोलणं 1968 मध्ये व्हायला हवं होतं, त्याला तोवर एकोणीस वर्षं उशीर झाला होता.